कॅसेट क्रमांक २१४ देवळाच्या तळीत न बुडविण्याबाबत

प्रति,
मा. मामलेदार तथा देवस्थान प्रशासक,
डिचोली तालुका, डिचोली, गोवा.

अर्जदार : शांताराम भिकाजी गावस, वय ६१, निवृत्त बस कंडक्टर,
रा. वरचा वाडा, सातेरीमळ, पो. लाटंबार्से.

दिनांक : २५ मे २००९

विषय : अर्जदाराच्या मालकीची व्हिडिओ कॅसेट क्र. २१४ येत्या ७ जून रोजी, वटपौर्णिमेच्या दिवशी, देवळाच्या तळीत विसर्जन करण्याचा ठराव रद्द करून ती सुस्थितीत सरकारी ताब्यात घेण्याबाबत.

संदर्भ : १) श्री सातेरी देवस्थान समिती, सातेरीमळ यांचा ठराव क्र. ७, दि. १७ मे २००९.
२) समितीने दिलेली पावती, दि. २६ एप्रिल २००९ (पेन्सिलीने लिहिलेली, हे कृपया ध्यानात घ्यावे).

महोदय,

सादर विनंती अशी की, हा अर्ज थोडा लांब झाला आहे. तो आपण वरून दोन ओळी आणि खालून दोन ओळी वाचून बाजूला ठेवू नये. अर्जदाराला तसा संशय आहे असे नाही, पण संशय घेण्याची सवय जात नाही, म्हणून आधीच लिहिलेले बरे.

१. अर्जदार एकतीस वर्षे बस कंडक्टर होता, आधी खाजगी गाडीवर आणि नंतर सरकारी. बहुतेक नोकरी डिचोली ते वास्को या मार्गावर झाली. या कामात माणसाची नजर बदलते. गाडीत साठ माणसे असली तर अर्जदाराला साठ संशयित दिसत. जो खिडकीबाहेर फार मन लावून बघतो त्याने तिकीट काढलेले नसते, आणि जो न विचारता तिकीट दाखवतो त्याचे तिकीट कालचे असते. ही नजर निवृत्तीच्या दिवशी खात्याकडे जमा करता आली नाही. त्यामुळे गावात अर्जदाराला कोणी फारसे चहाला बोलावत नाही. त्याबद्दल तक्रार नाही.

२. सन १९९२ पासून अर्जदार छंद म्हणून जुन्या व्हिडिओ कॅसेटी गोळा करतो. आजमितीस ३१७ आहेत. त्यांत बाजारात मिळणारा एकही सिनेमा नाही. सर्व कॅसेटी अशा आहेत की ज्या जगात एकच एक होत्या आणि लोकांनी त्या टाकून दिल्या. लग्ने, मुंजी, भजनी सप्ताह, देवळातली उत्सवाची नाटके, खाणीवरच्या कामगारांचा फुटबॉल सामना, नव्या ट्रकची पूजा, शिरगावच्या जत्रेहून परतलेल्या एका घराचे जेवण, शाळेचे स्नेहसंमेलन ज्यात पडदा पडत नाही म्हणून हेडमास्तर स्वतः वर चढले आहेत. ज्यांची लग्ने पुढे मोडली त्यांचीही लग्ने अर्जदाराकडे धडधाकट आहेत. व्हिडिओवाले दुकाने बंद करून मोबाइल विकायला लागले तेव्हा त्यांनी हा माल कुठे रद्दीत घातला, कुठे जुन्यावर नवे रेकॉर्डिंग करून पुसला. अर्जदार थांब्या-थांब्यावर चौकशी करून, गाडीला दहा मिनिटे असली तरी धावत जाऊन, तो माल घेऊन येई. शेवटच्या बाकाखाली पिशवी असे. एकदा तपासनीसाने ती उघडली आणि आत निळे सिनेमे आहेत असा संशय घेतला. आत त्याच्याच मेव्हण्याचे लग्न निघाले.

३. या कॅसेटी राखणे सोपे नाही, हे आपल्यासारख्या कामात बुडालेल्या अधिकाऱ्यास सांगणे भाग आहे. आमच्याकडचा पाऊस भिंतीतून आत येतो. फितीला पांढरी बुरशी धरते, आणि बुरशीची एक कॅसेट व्हीसीआरात घातली की तिच्या मागून जाणाऱ्या सगळ्या आजारी पडतात. अर्जदार कपाटात चाळीसचा बल्ब दिवसरात्र पेटता ठेवतो. दर कॅसेटीशेजारी भाजलेल्या तांदळाची पुरचुंडी असते. सहा महिन्यांनी प्रत्येक फीत एकदा पुढे, एकदा मागे फिरवावी लागते, नाही तर ती स्वतःला चिकटते. ज्यांना बुरशी धरली त्या उघडून, हाताने फिरवत, वितीवितीने कापसाने पुसाव्या लागतात. एका कॅसेटीला तीन दिवस जातात. अर्जदाराची पत्नी जानकी म्हणते की इतकी सेवा आपण आईबापांची केली नाही. ते खरे आहे.

४. आता मूळ मुद्दा. सातेरीमळात वरचा वाडा आणि खालचा वाडा असे दोन वाडे आहेत. दसऱ्याला देवीची पालखी निघते. तिची पहिली ओवाळणी कोणाच्या दारात, हा दोन वाड्यांचा जुना वाद. पूर्वीपासून पालखी खालच्या वाड्यावर परबांच्या दारात पहिली थांबे, आणि त्या घरच्या सूनबाई श्रीमती यशोदा परब तिला ओवाळीत. वरच्या वाड्याचे म्हणणे असे की हा मान मुळात आमच्या गावसांच्या घराचा, मधल्या काळात हातचा गेला. माणसांनी सोडवून सुटेना, तेव्हा देवीला कौल लावायचे ठरले. साहेबांस ठाऊक असेलच, तरी लिहितो. देवीच्या पाषाणाला पाण्यात भिजवलेल्या फुलाच्या पाकळ्या लावतात. उजवीकडची आधी पडली तर मान वरच्या वाड्याचा, डावीकडची पडली तर खालच्या वाड्याचा, असे गाऱ्हाणे घालून रविवार दि. १४ एप्रिल १९९१ रोजी कौल लावला. उजवी पडली. तेव्हापासून अठरा दसरे पालखी प्रथम अर्जदाराच्या दारात थांबते आणि जानकी ओवाळते.

५. या कौलाचे व्हिडिओ रेकॉर्डिंग झाले होते. डिचोलीतल्या पांडुरंग नावाच्या फोटोग्राफरने नवा कॅमेरा घेतला होता आणि त्याला तो कुठेतरी लावून बघायचा होता. परंतु देवीचे चित्र काढायचे नाही असा आमच्या देवळाचा कडक नियम. वाद सुरू झाला तेव्हा देवीपुढे गाऱ्हाणे घालणारे सखाराम घाडी यांनी त्यातून मार्ग काढला. देवळाच्या आतल्या चौकातल्या खांबावर, गर्भकुडीच्या म्हणजे गाभाऱ्याच्या समोर, पोर्तुगीज काळातला पुरुषभर उंचीचा आरसा होता. घाडी म्हणाले, "देवीचो फोटो काढूंक जावचो ना. आरशाचो काढ. आरसो कांय देव न्हय." सर्वांना हे पटले. नियमही मोडला नाही आणि व्हिडिओही झाला. त्यानुसार पांडुरंगने देवीकडे पाठ करून, आरशाकडे कॅमेरा लावून, सगळा कौल टिपला. असे जगात दुसरीकडे कोठे झाले असेल असे अर्जदारास वाटत नाही.

६. ती कॅसेट पुढे हरवली. पांडुरंगने दुकान विकले, माल वास्कोच्या एका व्यापाऱ्याकडे गेला, आणि पांडुरंग स्वतः वारला. अर्जदाराने ती कॅसेट अकरा वर्षे शोधली. २००३ साली वास्कोला बंदराजवळच्या एका बंद पडलेल्या व्हिडिओच्या दुकानात, नळाखालच्या खोक्यात, ती सापडली. वर पांडुरंगच्या अक्षरात "सातेरी, आरशातून" असे लिहिले होते. बुरशी इतकी की आतली फीत दिसत नव्हती. साफ करायला अकरा दिवस लागले.

७. दि. २६ एप्रिल रोजी देवळाच्या वर्धापनदिनी समितीने अर्जदारास "जुने गावचे काही असल्यास दाखवावे" अशी विनंती केली. अर्जदाराने शिमग्याची कॅसेट दाखवायचे ठरवले होते. सचिव श्री. दत्ताराम गावस (अर्जदाराचे चुलत भाऊ) यांनी पिशवीतून परस्पर २१४ काढली आणि लावली. ते म्हणतात चुकून. अर्जदारास तसे वाटत नाही, पण तो मुद्दा सोडून देतो. कौल लागल्याचे दृश्य आले, आणि दीडशे माणसांनी डोळ्यांनी पाहिले की पाकळी डावीकडची पडली.

८. त्यानंतर जे झाले ते सभ्य शब्दांत असे. खालच्या वाड्याचे लोक उठून उभे राहिले. अठरा वर्षे आमचा मान चोरला, घाडी खोटे बोलला, असे म्हणू लागले. वरच्या वाड्याचे लोक म्हणाले की शांतारामाने कॅसेटीत फेरफार केला. म्हणजे अर्जदार स्वतःच्याच घराविरुद्ध फेरफार करील! दोन खुर्च्या मोडल्या. वीज कोणी तरी बंद केली. अर्जदार ओरडून सांगत होता की हे आरशातले चित्र आहे, आरशात उजवे ते डावे दिसते, हे दाढी करणाऱ्या कोणालाही कळावे. पण त्या गर्दीत ऐकतो कोण. आरसा आता नाही. १९९४ साली देवळाची रंगरंगोटी झाली तेव्हा तो "फुटला" असे समितीच्या वहीत आहे. एकही तुकडा कोणी पाहिलेला नाही. तो मुद्दाही सोडून देतो.

९. कौलाच्या वेळी गर्भकुडीत नजर पोचेल अशा जागी चारच माणसे होती. सखाराम घाडी, दोन्ही वाड्यांचे एकेक जाणते, आणि पांडुरंगसाठी दिवा धरणारा. बाकी गावाने घाडीची "उजवो!" ही आरोळी ऐकली आणि मानली. घाडी आणि दोन्ही जाणते आज हयात नाहीत. तेव्हा पुरावा एकच, तो म्हणजे कॅसेट. आणि ती आरशातली आहे याचा पुरावा कॅसेटीतच आहे. सखाराम घाडींच्या उजव्या हाताची करंगळी काजूच्या बागेत कोयत्याने तुटली होती, हे सर्व गावाला माहीत आहे. चित्रात डाव्या हाताची करंगळी नाही. हे अर्जदाराने समितीपुढे लेखी मांडले. त्यावर समितीचा अभिप्राय असा आला की, "मेलेल्या माणसाची बोटे मोजू नयेत."

१०. त्याच दिवशी समितीने कॅसेट "तपासणीसाठी" ठेवून घेतली. तेव्हापासून अर्जदाराने पुढील गोष्टी टिपून ठेवल्या आहेत. कॅसेट देवस्थानच्या तीन चाव्यांच्या पेटीत असल्याचे सांगतात. परंतु दि. १० मे रोजी अर्जदारास ती पेटीबाहेर, हातभर अंतरावरून दाखवण्यात आली, तेव्हा तिच्या पाठीवरच्या चौकोनी खाचेवर चिकटपट्टी लावलेली होती. या विषयातल्या जाणकारास त्याचा अर्थ लगेच कळतो. ती खाच उघडी असली तर कॅसेटीवर नवे रेकॉर्डिंग होत नाही. तिच्यावर पट्टी चिकटवली की होते. मग कोणाला काय रेकॉर्ड करायचे होते? दुसरे, पाव घालणाऱ्या पोदेराने सांगितले की ६ मे रोजी सचिवांच्या घरी आठ उंड्यांऐवजी सोळा उंडे गेले. म्हणजे पाहुणे होते. सचिवांच्या जावयाकडे जुना व्हीसीआर आहे. दुपारी त्यांच्या घराच्या सगळ्या खिडक्या-जनेले बंद होती, आणि मे महिन्यात शहाणा माणूस जनेल बंद करून बसत नाही. तिसरे, समितीच्या पावतीवर कॅसेटीचे वर्णन "एक डबी, काळी" एवढेच आहे. उद्या कोणतीही काळी डबी तळीत सोडली तरी ठराव पूर्ण होईल.

११. दि. १७ मे रोजी ठराव झाला. नव्या घाडींनी सांगितले की देवी फितीत गुंतली आहे, तिला सोडवली नाही तर गावाला बाधा होईल, आणि भंगलेल्या मूर्तीप्रमाणे या कॅसेटीचेही विसर्जन करावे. ठराव एकमताने संमत झाला. अठरा वर्षांत दोन्ही वाड्यांचे एकमत झाल्याचा हा पहिलाच प्रसंग, आणि यावरूनच अर्जदारास जास्त संशय आला. वरच्या वाड्याला कॅसेट नको, कारण तिच्यात पाकळी डावीकडची पडताना दिसते. खालच्या वाड्याला ती का नको? अर्जदाराने यावर पुष्कळ विचार केला. समितीचे अध्यक्ष श्री. गोकुळदास परब हे यशोदाबाईंचे चिरंजीव. त्यांचे कैलासवासी वडील त्या दिवशी खालच्या वाड्याचे जाणते होते. कौल पडल्यावर ते मान खाली घालतात, उपरणे सावरतात आणि "बरें" एवढे म्हणून बाजूला होतात, हे सर्व कॅसेटीत आहे. आपला बाप दीडशे माणसांसमोर पुन्हा एकदा हरताना कोणत्या मुलाला पाहवेल? एवढ्या एका मुद्द्यावर अर्जदाराने आपला संशय मागे घेतला आहे.

१२. महोदय, इथपर्यंत अर्ज वाचून आपले मत असे झाले असेल की अर्जदाराची बाजू न्याय्य आहे. चित्र आरशातले आहे, म्हणजे पडली ती उजवीच, म्हणजे मान वरच्या वाड्याचा, म्हणजे अर्जदाराच्याच घराचा. मग कॅसेट वाचली तर अर्जदाराचा फायदा. या अर्जाचा पहिला खर्डा इथेच संपला होता. तो घेऊन अर्जदार दि. २० रोजी डिचोलीच्या बसमध्ये बसलाही होता. पहिल्याच थांब्यावर उतरून घरी आला.

१३. कारण ताकाला जाऊन भांडे लपवण्यात अर्थ नाही. त्या दिवशी दिवा धरणारा मीच होतो.

हजार वॅटचा दिवा होता. एप्रिलचे ऊन, बंद चौक, वर त्या दिव्याची धग. घाडी घामाने भिजले होते. म्हणून माझ्या घरचा टेबलपंखा आणून माझ्याजवळच्या खांबापाशी ठेवला होता. त्याचा वारा घाडींकडे होता. तास झाला, एकही पाकळी हलेना. ताशे वाजत होते, गाऱ्हाण्यावर गाऱ्हाणे चालले होते. मग मी दिवा एका हातात घेतला आणि दुसऱ्या हाताने पंख्याची मान गर्भकुडीकडे वळवली. थोड्या वेळाने उजवी पाकळी पडली. पंखा उजवीकडे होता.

मी स्वतःला सांगितले की उकाडा होत होता म्हणून वळवला. पांडुरंगला घाम येत होता, कॅमेऱ्यावर थेंब पडत होते, माणसाने काय करायचे? हे मी इतक्या वेळा सांगितले की मला ते पाठ झाले. पण खाई त्याला खवखवे. पुढच्याच वर्षी माझ्या मनात आले की त्या कॅसेटीत पंखा आला असेल का? कॅमेरा देवीकडे असता तर आलाच नसता. पण आरशात मागचे, बाजूचे, सगळे दिसते. तेव्हापासून मी कॅसेटी शोधू लागलो. वर मी छंद असे लिहिले आहे. छंद नव्हता. माझ्या विरुद्धचा पुरावा कोणाच्या हाती लागायच्या आधी माझ्या हाती लागावा, यासाठी मी दुकान-दुकान फिरलो. बाकीच्या तीनशे सोळा कॅसेटी शोधताना हाताला लागल्या, आणि मग त्या टाकवेनात.

२००३ साली कॅसेट मिळाली तेव्हा ती जाळायची असेच ठरवले होते. पण आधी एकदा बघावी म्हणून अकरा दिवस बसून पुसली. आणि पाहिली. तासाभराने, चित्राच्या कोपऱ्यात, चार सेकंद मी दिसतो. त्या दिवसाबद्दल मी स्वतःला जे सांगितले होते त्यातले काहीच त्यात नाही. मी पांडुरंगकडे बघत नाही. घाडींकडे बघत नाही. मी पाकळीकडे बघतो, मग पंखा वळवतो, आणि पुन्हा पाकळीकडे बघतो.

एकतीस वर्षे मी लोकांच्या चेहऱ्यावरून चोर ओळखले. हा चेहरा ओळखायला मला एक सेकंदही लागला नाही.

त्यानंतर ती जाळता आली असती. चूल पेटलेली होती. पण ज्याने एकेक वीत पुसून ती परत चालती केली, त्याच्याच हाताने ती जाळवेना. आणि खरे सांगायचे तर ते चार सेकंद पुसून टाकले तर माझ्याखेरीज कोणालाच कळणार नाही, ही गोष्टच मला सहन होईना. २६ एप्रिलला दृश्य तिथवर गेले होते, पण सगळ्यांचे डोळे पाकळीवर होते, आणि मग वीज गेली. आता ती तळीत सोडली की मी मोकळा. समितीला वाटते की मी माझ्या मानासाठी भांडतो आहे. प्रत्यक्षात ठराव क्र. ७ ने सर्वांत जास्त भले माझेच होणार आहे, आणि तो रद्द करावा अशी माझी विनंती आहे.

१४. सबब प्रार्थना अशी की,

(अ) कॅसेट क्र. २१४ आपण तात्काळ ताब्यात घ्यावी. पावती शाईने द्यावी आणि तीत वर लिहिलेली सर्व वर्णने यावीत. ठेवण्याची जागा कोरडी असावी. कार्यालयाच्या कपाटात पावसाचे पाणी येत असेल तर कृपया तसे कळवावे, मी तांदूळ भाजून पाठवीन.

(आ) ती आपण स्वतः पाहावी. एक तास दोन मिनिटांपासून पुढे. कोपऱ्यात, खालच्या बाजूला आडव्या पांढऱ्या रेघा येतात. त्या बुरशीच्या नाहीत, फितीच्या घडीच्या आहेत. त्यांतून दिसते.

(इ) १४ एप्रिल १९९१ चा कौल कौल म्हणून धरू नये. नवा कौल लावायचा की नाही ते देवस्थानाने ठरवावे. लावल्यास पंखा, दिवा, कॅमेरा यांपैकी काही असू नये आणि मीही तिथे असू नये.

(ई) तोपर्यंत, येत्या दसऱ्यापासून, पालखी पूर्वीप्रमाणे परबांच्या दारात पहिली थांबावी. श्रीमती यशोदा परब यांचे वय चौऱ्याऐंशी आहे. आपल्या कार्यालयात प्रकरणे रांगेने घेतली जातात हे मला ठाऊक आहे आणि रांग मोडणाऱ्याचा मला आयुष्यभर राग आला. तरीही हे प्रकरण पुढे घ्यावे.

१५. एक गोष्ट नंतर घडली, ती लिहिल्याशिवाय हा अर्ज देणे बरोबर होणार नाही. काल हा अर्ज जानकीने वाचला. अठरा वर्षे तिने आनंदाने ओवाळले होते, आणि मला वाटले ती रडेल किंवा त्रागा करील. तिने अर्जाची घडी घालून तो माझ्या हातात दिला. मग म्हणाली, "साहेबाक सांगचे आदीं तिका सांग. ती साहेबापरस व्हड." ती म्हणजे यशोदाबाई, साहेबांहून मोठ्या. म्हणून आम्ही दोघे दुपारी खालच्या वाड्यावर गेलो. गोकुळदास घरी नव्हते. यशोदाबाई बाहेर बसून फणसाच्या आठळ्या निवडीत होत्या. मी उभ्यानेच सगळे सांगितले. पंखा, मान, पाकळी. त्यांनी हातातले काम थांबवले नाही. सगळे ऐकून घेतले आणि म्हणाल्या :

"म्हाका तो पंखो दिसलेलो रे. बायलांच्या बाजूंतल्यान सारको दिसतालो. देवीक उकाडो जाता म्हणून तुवें वारो घातलो, अशेंच हांवें धरलें. दुसरें कितें धरपाचें?"

अठरा दसरे त्या आपल्या दारात ओवाळणीचे ताट घेऊन दुसऱ्या क्रमांकाला उभ्या राहिल्या. त्यांनी बायकांच्या बाजूने पाहिले होते. त्यांनी नवऱ्याला सांगितले नाही, मुलाला सांगितले नाही, घाडीला सांगितले नाही. आणि माझ्याबद्दल वाईट धरले नाही. मी त्यांच्याजवळ बसलो आणि उरलेल्या आठळ्या निवडू लागलो. उठताना त्यांनी आठळ्यांची एक पिशवी जानकीच्या हातात दिली.

हे घडल्यानंतर अर्जात एक शब्दही बदलावा असे मला वाटले नाही. तो आहे तसा सादर करीत आहे. मात्र प्रार्थना (ई) सर्वांत आधी मंजूर व्हावी.

आपल्या निर्णयाच्या अधीन राहून,
या प्रकरणातील तक्रारदार आणि अपराधी,

(सही)
शांताराम भिकाजी गावस

सोबत :
१) पावतीची प्रत (पेन्सिल फिकी होत आहे).
२) व्हीसीआर, एक नग, वायरसह. चालवण्यापूर्वी दहा मिनिटे नुसता चालू ठेवावा.
३) सखाराम घाडींचा १९८८ चा फोटो, ज्यात उजवा हात स्पष्ट दिसतो.
४) जानकी शांताराम गावस यांचे संमतिपत्र. ओवाळणीचा मान सोडत असल्याबद्दल. अंगठा नाही, सही आहे.